कोर्टाचा आदेश हातात, अंमलबजावणी नाही: सरकारविरुद्ध अवमान याचिका कशी करावी

निवृत्तिवेतनाचा फरक आठ आठवड्यांत द्या, असा उच्च न्यायालयाचा आदेश आहे. आठ आठवडे उलटूनही पाच महिने झाले. कार्यालयात गेले की "फाइल मंत्रालयात आहे", मंत्रालयात गेले की "वित्त विभागाचे अभिप्राय आलेले नाहीत". वर्षानुवर्षे भांडून खटला जिंकलेल्या माणसावर निकालानंतर पुन्हा अर्जदार होण्याची वेळ येते. हा अन्याय आहे. त्यावर कायद्याने दिलेला उपाय म्हणजे अवमान याचिका.

हा उपाय धारदार आहे, पण फार नाजूकही आहे. सरकारविरुद्धच्या अवमान याचिका बहुतेक वेळा तीन गोष्टींवर निकालात निघतात. आदेशात नेमके काही करायला सांगितले होते का? आदेश अधिकाऱ्यापर्यंत पोहोचल्याचा पुरावा आहे का? त्या काळात त्या खुर्चीत कोण होते? ही तिन्ही उत्तरे वकिलाकडे जाण्याआधी तुमच्याकडे कागदावर हवीत.

आधी आदेशाचा शेवटचा परिच्छेद वाचा

निकालपत्र चाळीस पानांचे असू शकते. अवमानासाठी त्यातला कामाचा भाग पाच-सात ओळींचा असतो: शेवटी न्यायालयाने प्रतिवादीला काय करायला सांगितले तो. निकालाच्या मधल्या पानांत तुमच्या बाजूने कितीही चांगली निरीक्षणे असली तरी त्यांच्या उल्लंघनाबद्दल अवमान होत नाही. आदेशाच्या चौकटीबाहेर जाऊन अवमानाचे न्यायालय नवीन काही देत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने झारेश्वर प्रसाद पॉल (२००२) आणि सुधीर वासुदेव (२०१४) या प्रकरणांत स्पष्ट केले आहे. आदेशात व्याजाचा शब्द नसेल, तर अवमान याचिकेत व्याज मागू नका. मागितले की सरकारी वकील त्याच मुद्द्यावर बोट ठेवतात आणि मूळ उल्लंघन बाजूला पडते.

आता क्रियापद पाहा. "याचिकाकर्त्यास १ जुलै २०१८ पासून वरिष्ठ वेतनश्रेणी द्यावी" हा ठोस आदेश आहे. "याचिकाकर्त्याच्या निवेदनावर नियमानुसार विचार करून सहा आठवड्यांत निर्णय घ्यावा" हा फक्त निर्णय घेण्याचा आदेश आहे. दुसऱ्या प्रकारात अधिकाऱ्याने पाच आठवड्यांत "मागणी अमान्य" असे पत्र पाठवले, तर आदेशाचे पालन झाले. निर्णय चुकीचा असेल, बेकायदाही असेल. तरी त्याला नव्या याचिकेतच आव्हान द्यावे लागते. जे. एस. परिहार विरुद्ध गणपत दुग्गर (१९९६) या निकालाचा हाच अर्थ आहे, आणि सरकारकडून सर्वाधिक दाखवला जाणारा निकाल बहुधा हाच असावा. "विचार करा" या आदेशावर अवमान फक्त दोन स्थितींत टिकतो: मुदतीत काहीच निर्णय झाला नाही, किंवा न्यायालयाने आधीच निकाली काढलेले कारण पुन्हा पुढे करून निर्णय दिला.

म्हणून मूळ याचिका चालू असतानाच, युक्तिवादाच्या शेवटच्या दिवशी, आदेश ठोस शब्दांत आणि तारखेसह मिळावा असा आग्रह धरणे ही अवमानाची पहिली तयारी आहे. न्यायमूर्ती आदेश सांगत असतानाच वकिलाने नम्रपणे "मुदत घालावी" म्हटले तर पुढची दोन वर्षे वाचू शकतात.

आदेशात मुदतच नसेल तर? तेव्हा "वाजवी मुदत" धरली जाते, आणि वाजवी म्हणजे किती यावर वाद होतो. अशा वेळी थेट अवमानात न जाता त्याच याचिकेत अर्ज करून मुदत ठरवून घ्यावी. नाव, तारीख, रकमेचा आकडा अशी टंकलेखनाची चूक आदेशात राहिली असेल, तर मुंबई उच्च न्यायालयात "स्पीकिंग टू द मिनिट्स" म्हणून प्रकरण पुन्हा लावून ती सुधारून घेता येते. ही चूक लगेच दुरुस्त करा. चुकीचा सेवार्थ क्रमांक (पगाराच्या प्रणालीतला कर्मचाऱ्याचा क्रमांक) किंवा गट क्रमांक हे कार्यालयाला सहा महिने बसून राहायला पुरेसे निमित्त असते.

अवमान नेमका कशाचा होतो

न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २(ब) नुसार निकाल, हुकूमनामा (दिवाणी दाव्यातला अंतिम आदेश), निर्देश, आदेश, रिट यांची बुद्धिपुरस्सर, म्हणजे जाणूनबुजून केलेली, अवज्ञा, किंवा न्यायालयाला दिलेल्या हमीचा बुद्धिपुरस्सर भंग, म्हणजे दिवाणी अवमान. सगळा भार "बुद्धिपुरस्सर" या शब्दावर आहे. नुसता उशीर पुरेसा नाही. आदेश माहीत होता, पाळणे शक्य होते, तरी पाळला नाही, हे दाखवावे लागते. कार्यवाही अर्धफौजदारी स्वरूपाची असल्याने संशयाचा फायदा अधिकाऱ्याला मिळतो. तुमचा प्रत्येक कागद या एका शब्दाकडे नेणारा असावा.

कलम १५ मधली महाधिवक्त्यांची संमती फौजदारी अवमानासाठी असते. आदेश न पाळण्याच्या प्रकरणात ती लागत नाही. या गैरसमजात अनेकांचे दोन-तीन महिने जातात.

आदेश स्वतः पोहोचवा आणि शिक्का घ्या

"सरकारी वकील कोर्टात हजर होते, म्हणजे सरकारला आदेश कळला" हा तर्क बरोबर वाटतो, पण त्यावर विसंबू नका. आदेशात बहुधा "आदेशाची प्रत मिळाल्यापासून आठ आठवड्यांत" असे लिहिलेले असते. प्रत तुम्ही दिलीच नाही, तर घड्याळ सुरूच झाले नाही असे उत्तर येते.

प्रमाणित प्रतीचा अर्ज निकालाच्याच दिवशी टाका. ती येईपर्यंत संकेतस्थळावरची प्रत पाठवायला हरकत नाही. "प्रमाणित प्रत मिळताच सादर करू" असे लिहून ती पाठवा. नंतर प्रमाणित प्रत पुन्हा द्या. प्रत कोणाकोणाला द्यायची? आदेशात ज्याचे पदनाम आहे त्याला, त्याच्या वरिष्ठ कार्यालयाला, आणि पैशाचा आदेश असेल तर देयक काढणाऱ्या आहरण व संवितरण अधिकाऱ्यालाही. शिक्षकांच्या प्रकरणात शिक्षणाधिकारी आणि पगार काढणारे वेतन पथक वेगवेगळे असतात. एकाला देऊन दुसरा "आम्हाला प्रत नाही" म्हणतो.

आवक शाखेत जाताना पत्राच्या दोन प्रती न्या. दुसऱ्या प्रतीवर कार्यालयाचा गोल शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक, तिन्ही घ्या. नुसती सही घेतली तर सही कोणाची हे पुढे सिद्ध करता येत नाही. नुसता शिक्का घेतला आणि तारीख पुसट असेल, तर आठ आठवडे कुठून मोजायचे हाच वाद होतो. शिक्का पुसट उमटला तर तिथेच पुन्हा मारून घ्या. सोबत स्पीड पोस्टानेही प्रत पाठवा आणि ट्रॅकिंगचे पान त्याच आठवड्यात छापून ठेवा, कारण ती नोंद काही काळानंतर दिसेनाशी होते. अधिकृत ईमेलवर पाठवलेली प्रत हा तिसरा पुरावा.

एक वर्षाची मुदत: इथेच सर्वाधिक प्रकरणे मरतात

कलम २० नुसार अवमान झाल्याच्या तारखेपासून एक वर्षाने कार्यवाही सुरू करता येत नाही. पल्लव शेठ विरुद्ध कस्टोडियन (२००१) या निकालानंतर वर्षाच्या आत अर्ज दाखल झाला की पुरते. न्यायालयाने नोटीस नंतर काढली तरी चालते.

हिशोब असा करा. आदेश १० जानेवारी २०२५ चा, "प्रत मिळाल्यापासून आठ आठवडे". तुमच्या पत्रावरचा आवक शिक्का ३ फेब्रुवारी २०२५. आठ आठवडे म्हणजे ५६ दिवस, ते ३१ मार्च २०२५ ला संपतात. अवमान १ एप्रिल २०२५ ला सुरू झाला. याचिका दाखल करण्याची शेवटची तारीख ३१ मार्च २०२६. ही तारीख फाइलच्या मुखपृष्ठावर लाल अक्षरांत लिहा आणि प्रत्यक्षात तिच्या दोन महिने आधी याचिका दाखल करा, कारण नोंदणी शाखेच्या हरकती दूर करण्यात आठवडे जातात.

दोन गोष्टींनी लोक फसतात. पहिली: "अजून पैसे दिले नाहीत, म्हणजे अवमान रोज चालू आहे, मुदतीचा प्रश्न नाही." सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये एस. तिरुपती राव प्रकरणात ही समजूत मोठ्या प्रमाणात मोडून काढली. एकदा झालेल्या उल्लंघनाचे परिणाम चालू राहतात म्हणून ते उल्लंघन रोज नव्याने होत नाही. दुसरी: स्मरणपत्रे. पाच स्मरणपत्रे पाठवली, तरी मुदत एका दिवसानेही वाढत नाही. "पंधरा दिवसांत करतो" असे गोड आश्वासन देणाऱ्या अधिकाऱ्यावर विसंबून वर्ष घालवणे हा या क्षेत्रातला सर्वांत महागडा विश्वास आहे.

वर्ष निघून गेले तर सगळे संपत नाही. हुकूमनाम्याची अंमलबजावणी मागता येते, किंवा मूळ आदेश पाळण्याचे निर्देश मागणारी नवी रिट याचिका करता येते. पण दबाव कमी होतो.

नाव कोणाचे घालायचे

"महाराष्ट्र शासन, मार्फत सचिव" एवढेच लिहून अवमान याचिका चालत नाही. शिक्षा माणसाला होते, पदाला नाही. म्हणून नावानिशी, पदनामासह प्रतिवादी करावा लागतो: मुदत संपली त्या दिवशी ज्याच्या हातात आदेश पाळण्याचा अधिकार होता तो. मुदत संपण्याआधी ज्याची बदली झाली त्याला ओढू नका; त्याच्यापुरती याचिका लगेच फेटाळली जाईल आणि तुमची विश्वासार्हताही घटेल. मुदत संपल्यानंतर नवा अधिकारी आला असेल, तर त्याला आदेशाची प्रत नव्याने द्या, पालनासाठी थोडी मुदत द्या, मगच त्याचेही नाव जोडा.

हे सारे शोधायला माहितीचा अधिकार फार उपयोगी पडतो. जन माहिती अधिकाऱ्याकडे जोडपत्र अ मध्ये अर्ज, १० रुपयांचे कोर्ट फी तिकीट, महाराष्ट्राच्या नियमांनुसार एकच विषय आणि १५० शब्दांची मर्यादा. असे मागा:

"याचिका क्रमांक … मधील दिनांक … च्या आदेशाच्या अंमलबजावणीसंदर्भातील नस्तीच्या टिपणी भागाच्या व पत्रव्यवहाराच्या छायांकित प्रती. तसेच दिनांक … ते दिनांक … या कालावधीत … या पदाचा कार्यभार असलेल्या अधिकाऱ्यांची नावे व कार्यभाराच्या तारखा."

उत्तराची मुदत ३० दिवस. न मिळाल्यास पहिले अपील. टिपणी भाग हाती आला तर बघा, नस्ती, म्हणजे फाइल, कोणत्या टेबलावर किती दिवस थांबली आहे, कोणी "अपील करावे" लिहिले, आणि विधी व न्याय विभागाने "अपिलास योग्य प्रकरण नाही" असा अभिप्राय दिला होता का. हा शेवटचा अभिप्राय सापडला तर बुद्धिपुरस्सर अवज्ञेचा याहून चांगला पुरावा क्वचितच मिळतो: आदेश पाळायचा आहे हे सरकारच्याच कायदा खात्याने सांगितले होते, तरी पाळला नाही.

नोटीस

अवमानाआधी नोटीस देणे कायद्याने बंधनकारक नाही. तरीही द्या. न्यायालयाचा पहिला प्रश्न "त्यांना विचारले होते का?" हाच असतो. नोटीस नावानिशी आणि दीड पानात संपणारी असावी. गाभा असा ठेवा:

"माननीय उच्च न्यायालयाने रिट याचिका क्र. … मध्ये दिनांक … रोजी आपणास … असे निर्देश दिले. आदेशाची प्रत आपल्या कार्यालयास दिनांक … रोजी आवक क्र. … अन्वये प्राप्त झाली आहे. आदेशातील मुदत दिनांक … रोजी संपली. सदर आदेशास कोणत्याही न्यायालयाने स्थगिती दिलेली नाही. ही नोटीस मिळाल्यापासून १५ दिवसांत आदेशाचे पालन करून लेखी कळवावे. पालनात अडचण असल्यास ती व पालनाची निश्चित तारीख लेखी कळवावी. अन्यथा आपणाविरुद्ध व्यक्तिशः न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ अन्वये कार्यवाही करण्यात येईल."

"अडचण असल्यास कळवावी" हे वाक्य मुद्दाम आहे. उत्तर आले नाही, तर पुढे न्यायालयात सांगितलेली अडचण मागाहून सुचलेली ठरते. नोटिशीत शिवीगाळ, भ्रष्टाचाराचे आरोप, वर्तमानपत्रात देण्याच्या धमक्या नकोत. हीच नोटीस पुढे न्यायमूर्तींसमोर परिशिष्ट म्हणून जाणार असते.

कोणत्या दारात जायचे

ज्या न्यायालयाचा आदेश, त्याच न्यायालयात. उच्च न्यायालयाला हा अधिकार संविधानाच्या अनुच्छेद २१५ ने, सर्वोच्च न्यायालयाला अनुच्छेद १२९ ने मिळतो. मुंबई उच्च न्यायालयात ज्या खंडपीठाने आदेश दिला तिथेच जा: मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर, पणजी. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच (फिरते खंडपीठ) सुरू झाल्याने कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गच्या पक्षकारांनी आपले प्रकरण आता कुठे चालते हे दाखल करण्याआधी तपासून घ्यावे.

उच्च न्यायालयाच्या निकालाविरुद्ध सरकार सर्वोच्च न्यायालयात जाऊन हरले असेल तर थोडे थांबून पाहा. विशेष अनुमती याचिका (सर्वोच्च न्यायालयाकडे अपिलाची परवानगी मागणारी) दाराशीच फेटाळली गेली असेल, तर उच्च न्यायालयाचाच आदेश कायम राहतो आणि अवमान तिथेच. पण अनुमती देऊन अपील ऐकून निकाल दिला असेल, तर उच्च न्यायालयाचा आदेश सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशात विलीन होतो आणि अवमानही तिथेच करावा लागतो. कुन्हयम्मद विरुद्ध केरळ राज्य (२०००) मध्ये हा फरक नीट मांडला आहे.

शासकीय कर्मचाऱ्यांचा आदेश महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचा, म्हणजे मॅटचा, असेल तर प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम १७ ने मॅटलाच उच्च न्यायालयासारखा अवमानाचा अधिकार आहे. अर्ज तिथेच करा.

दिवाणी न्यायालयाचे वेगळे आहे. मनाई हुकूम मोडला तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ नियम २-अ खाली अर्ज करा. मालमत्ता जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद अशी तरतूद आहे. भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्यासाठी मात्र दरखास्तच, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्जच, योग्य. याच संहितेच्या कलम ८२ नुसार सरकारविरुद्धच्या हुकूमनाम्यावर तीन महिने पैसे मिळाले नाहीत तरच अंमलबजावणी सुरू होते. दरखास्तीची मुदत १२ वर्षांची आहे. कार्यालयाची गाडी, खुर्च्या, संगणक जप्त करायला बेलिफ दारात उभा राहिला की पैशांची तरतूद पुढच्या पंधरवड्यात झाल्याची उदाहरणे महाराष्ट्रात थोडी नाहीत. जिथे दरखास्तीचा सरळ मार्ग आहे तिथे उच्च न्यायालये अवमान ऐकायला नाखूश असतात. कपिलदेव प्रसाद साह विरुद्ध बिहार राज्य (१९९९) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अवमानाला अंमलबजावणीचा पर्याय मानू नये असेच सांगितले.

आणि एक: जिल्हाधिकारी, तहसीलदार, राज्य माहिती आयोग यांचे आदेश न पाळल्याने या कायद्याखालचा अवमान होत नाही. तिथे आधी रिट, मग त्या रिटच्या आदेशाचा अवमान.

याचिका कशी बांधावी

चांगली अवमान याचिका आठ-दहा पानांत संपते. मूळ खटल्याची हकिकत एका परिच्छेदात. न्यायालयाने ती आधीच ऐकली आहे. त्यानंतर आदेशाचा शेवटचा परिच्छेद शब्दशः. मग तारखांचा तक्ता: आदेश, प्रमाणित प्रत, आवक, मुदत संपली, नोटीस, नोटिशीचे उत्तर किंवा मौन. त्यापुढे स्पष्ट विधान की आदेशाला स्थगिती नाही. प्रत्येक प्रतिवादी त्या पदावर कोणत्या तारखेपासून होता. शेवटी मागण्या: नोटीस काढावी, अवमानाबद्दल शिक्षा करावी, आणि मूळ आदेशाचे ठरावीक मुदतीत पालन करायला लावावे. यापलीकडची मागणी नको.

उच्च न्यायालयाची भाषा इंग्रजी असल्याने शासन निर्णय, पत्रे, टिपण्या अशा मराठी कागदांसोबत इंग्रजी अनुवाद जोडावा लागतो. अनुवाद नसणे, पुसट छायाप्रती, चुकलेले पृष्ठांकन आणि शपथपत्रावरची अपुरी सही या नोंदणी शाखेच्या नेहमीच्या हरकती. हरकती वेळेत दूर केल्या नाहीत तर याचिका नोंदणीविना निकाली निघते, आणि तोवर वर्ष संपले असेल तर परतीचा रस्ता बंद. स्वतः बाजू मांडायची असेल, तर पक्षकारांच्या स्वतःच्या युक्तिवादासाठी मुंबई उच्च न्यायालयाचे वेगळे नियम आहेत. त्यासाठी आधी छाननी समितीसमोर जावे लागते, तो वेळही हिशोबात धरा.

सरकार काय म्हणेल

"अपील केले आहे." नुसत्या अपिलाने स्थगिती मिळत नाही, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१ नियम ५ चे तत्त्व हेच. मात्र स्थगितीचा अर्ज प्रलंबित असेल तर तो आधी ऐकला जावा असे सर्वोच्च न्यायालयाने मॉडर्न फूड इंडस्ट्रीज (१९९५) प्रकरणात म्हटले होते, आणि अवमानाचे न्यायालय त्यासाठी बहुधा एक-दोन तारखा देते. यावर उपाय आधीच करून ठेवा: निकाल लागल्याच्या आठवड्यातच वरच्या न्यायालयात कॅव्हेट, म्हणजे आमचे ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये असा अर्ज, दाखल करा. ती ९० दिवस टिकते, संपली की पुन्हा दाखल करा. सुनावणीत एकच विचारा: अपील कोणत्या तारखेला दाखल झाले, आणि स्थगितीचा अर्ज बोर्डावर (सुनावणीच्या यादीत) आणायला काय प्रयत्न केले? अपील अवमानाच्या नोटिशीनंतर दाखल झालेले असेल, तर ते तारखेनिशी नोंदवून घ्या.

"फाइल वित्त विभागाकडे आहे." सरकार एकच आहे, एका विभागाची दुसऱ्याकडे वाट पाहणे हे न्यायालयापुढचे कारण होऊ शकत नाही. पण हे नुसते म्हणून भागत नाही. नस्ती वित्त विभागाकडे कधी गेली ती तारीख मागा. मुदत संपल्यानंतर गेली असेल, तर कारण तिथेच कोसळते.

"मुदतवाढ द्यावी." मुदत संपण्याआधी मागितली होती का? आधी मागितली असेल तर न्यायालय सहानुभूतीने पाहते. अवमानाची नोटीस मिळाल्यावर मागितली असेल तर ते दाखवून द्या.

"पालन झाले आहे." हे सर्वांत सावधपणे तपासावे लागते. पालनाचे शपथपत्र अनेकदा सुनावणीच्या आदल्या संध्याकाळी येते. घाईत "पाहिले, समाधान आहे" म्हणू नका. एक आठवडा मागा आणि आकडे जुळवा. वेतनश्रेणी दिली, पण फरक कोणत्या तारखेपासून? महागाई भत्ता धरला का? अर्धवट पालन म्हणजे पालन नव्हे, पण कुठे अर्धवट आहे हे तक्त्यात दाखवावे लागते: आदेशानुसार देय, प्रत्यक्ष दिलेले, बाकी.

"बिनशर्त माफी." अवमान अधिनियमाच्या कलम १२ नुसार न्यायालयाचे समाधान झाले तर माफीवर सुटका होऊ शकते, माफीला अटी जोडलेल्या आहेत एवढ्याच कारणाने ती नाकारता येत नाही. म्हणून माफीला विरोध करण्यात शक्ती घालवू नका. माफीसोबत पालन आहे का, एवढेच विचारा.

हजेरी आणि शिक्षा

नोटीस निघाल्यावर पहिल्या तारखेला सरकारी वकील माहिती घ्यायला वेळ मागतात. मग उत्तराचे शपथपत्र, तुमचे प्रत्युत्तर, आणि प्रकरण गंभीर वाटले तर आरोप निश्चिती. सचिवाला पहिल्याच तारखेला पिंजऱ्यात उभे करा अशी मागणी आता बहुधा फळत नाही. ३ जानेवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने उत्तर प्रदेशच्या एका प्रकरणात अधिकाऱ्यांच्या हजेरीबाबत कार्यपद्धती घालून दिली: हजेरी अपवाद म्हणून, शक्यतो आधी दूरदृश्य प्रणालीने, आणि पूर्वसूचना देऊनच. तुम्ही मागावे ते व्यक्तिशः शपथपत्र. सहीनिशी, नावानिशी दिलेले शपथपत्र अधिकाऱ्याला हजेरीहून अधिक जबाबदार धरते.

शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, किंवा २,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. क्वचितच होते, पण होते. सॉ मिलच्या परवान्यांच्या प्रकरणात २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्राचे वनखाते सांभाळलेल्या एका मंत्र्याला आणि त्या खात्याच्या प्रधान सचिवाला एक महिन्याची कैद सुनावली होती. मे २०२५ मध्ये आंध्र प्रदेशातील एका उपजिल्हाधिकाऱ्याला उच्च न्यायालयाचा आदेश डावलून झोपड्या पाडल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने तहसीलदार पदावर आणले. तरीही अपेक्षा खरी ठेवा. बहुतेक याचिकांचे यश म्हणजे नोटीस निघताच हललेली नस्ती आणि खात्यात जमा झालेली रक्कम.

याचिका फेटाळली गेली तर कलम १९ खाली तुम्हाला अपील नाही. ते फक्त शिक्षा झालेल्याला आहे, हे मिदनापूर पीपल्स को-ऑप. बँक (२००६) या निकालात आले आहे. तुमच्यासाठी सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिका एवढाच मार्ग उरतो.

सुनावणीत सरकारी वकील "चार आठवड्यांत रक्कम देतो" म्हणाले, तर ते विधान कोणाच्या सूचनेवरून केले त्या अधिकाऱ्याचे नाव, रक्कम आणि तारीख यांसह आदेशात नोंदवून घ्या, आणि याचिका निकाली काढताना "पालन न झाल्यास याचिका पुनरुज्जीवित करण्याची मुभा" हे शब्द मागा. नोंदलेली हमी मोडली तर तो कलम २(ब) खालचा स्वतंत्र अवमान आहे, आणि त्याची एक वर्षाची मुदत हमीत दिलेल्या तारखेच्या दुसऱ्या दिवसापासून नव्याने मोजली जाते. फाइलच्या मुखपृष्ठावरची जुनी लाल तारीख खोडून ही नवी तारीख त्याच संध्याकाळी लिहा.